कॉलेजची नोकरी सोडणारे प्रा. मधुकर तोरडमल

रौप्यमहोत्सवाच्या स्मरणिकेत आपल्या नगरशी नातं असलेल्या एखाद्या नामवंत व्यक्तीवर लेख हवा, असं समितीच्या बैठकीत ठरलं तेव्हा नावं भराभर पुढे आली. रेव्हरंड टिळक झाले, सेनापती बापट झाले, मेहेरबाबा झाले. ही सगळीच मोठी माणसं. त्यांच्यावर पुस्तकं आहेत, शाळेत धडे होते, भाषणं तर दरवर्षी होतात. मी प्रा. मधुकर तोरडमल यांचं नाव सुचवलं, तेव्हा पन्नाशीच्या वरची मंडळी लगेच हसली आणि तिशीच्या आतल्यांनी एकमेकांकडे पाहिलं. हसणाऱ्यांना 'तरुण तुर्क म्हातारे अर्क' आठवलं होतं. न हसणाऱ्यांसाठी हा लेख.

दुसरंही एक कारण आहे. आपल्या सोसायटीतली बहुतेक घरं पगारावर उभी राहिली. कर्जाचे हप्ते, मुलांच्या फिया, एक तारखेची वाट बघणं हे आपल्यापैकी कुणाला नवीन नाही. अशा घरात एखाद्या मुलानं किंवा मुलीनं चांगली नोकरी सोडून आवडीचं काम करतो म्हटलं की जेवणाच्या टेबलावर काय होतं, तेही ठाऊक आहे. तोरडमलांनी नेमकं हेच केलं, आणि तेही नगरमध्ये राहून, कॉलेजातली कायमची प्राध्यापकी हातात असताना. त्यांनी ते कसं केलं हे नीट पाहण्यासारखं आहे, कारण लोक समजतात तशी ती डोळे मिटून मारलेली उडी नव्हती.

तोरडमलांचा जन्म २४ जुलै १९३२ चा. लहान वयातच वडिलांचं छत्र हरपलं आणि शिकण्यासाठी ते मुंबईला आले. तिथल्या आनंदीलाल पोदार शाळेत त्यांचं शिक्षण झालं. नाटकाचं वेड शाळेतच लागलं. स्नेहसंमेलन आलं की नाटक बसवायचं, त्यात काम करायचं, हा क्रम. यात फार विशेष नाही म्हणा. आपल्यापैकी निम्म्या लोकांनी स्नेहसंमेलनात दाढी चिकटवलेली आहे. फरक एवढाच, की आपली दाढी दुसऱ्या दिवशी उतरली आणि त्यांची उतरली नाही.

पुढे कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्समध्ये ते कारकून म्हणून लागले. वालचंद हिराचंदांनी उभा केलेला हा मोटारींचा कारखाना. फियाट गाड्या तिथूनच रस्त्यावर यायच्या. त्या काळी अशा कंपनीत चिकटलेला मुलगा म्हणजे घरच्यांची काळजी मिटलेली. पण ती खुर्ची त्यांना मानवली नाही. शिक्षण पुरं करून ते शिकवण्याकडे वळले आणि अहमदनगर कॉलेजात इंग्रजीचे प्राध्यापक झाले. म्हणजे एक बरी नोकरी त्यांनी आधीही सोडली होती, पण दुसऱ्या आणि अधिक मानाच्या नोकरीसाठी. या पहिल्या सोडण्याला कुणी फारसं बोललं नसणार.

अहमदनगर कॉलेज काय आहे हे इथल्या लोकांना सांगायला नको, पण पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांच्या हाती ही स्मरणिका पडेल म्हणून सांगतो. डॉ. भा. पां. हिवाळे यांनी १९४७ साली हे कॉलेज सुरू केलं. त्याआधी नगरच्या मुलाला मॅट्रिकनंतर शिकायचं तर पुणं गाठावं लागे. ग्रामीण भागातली, दुष्काळी तालुक्यांतली मुलं इथे आली. वसतिगृहात राहिली, इंग्रजीला घाबरली आणि हळूहळू सरावली. जिल्ह्याचं नाव आता अहिल्यानगर झालं असलं तरी जुन्या विद्यार्थ्यांच्या तोंडी नुसतं 'कॉलेज' म्हटलं की तेच असतं. अशा ठिकाणी इंग्रजीचा प्राध्यापक असणं म्हणजे गावात मान होता. भाजी घ्यायला गेलं तरी सर म्हणून नमस्कार व्हायचा.

तोरडमल सरांनी तिथे वर्ग घेतले आणि संध्याकाळी नाटकं बसवली. विद्यार्थ्यांना घेऊन एकांकिका, मग मोठी नाटकं, मग राज्य नाट्यस्पर्धा.

ही राज्य नाट्यस्पर्धा नव्या पिढीला समजावून सांगितली पाहिजे. १९५४ पासून सरकारनं हौशी नाट्यसंस्थांसाठी ही स्पर्धा सुरू केली. जागोजागच्या केंद्रांवर प्राथमिक फेरी व्हायची, त्यातून निवडलेली नाटकं अंतिम फेरीला जायची. बँकेतला कॅशियर, शाळेतले मास्तर, एसटीतला कारकून, असे लोक दिवसा नोकरी करून रात्री एखाद्या शाळेच्या हॉलमध्ये तालमी करायचे. सेट खांद्यावरून वाहायचे. कुणाची बायको साड्या द्यायची, कुणाच्या दुकानातून लाकडी खुर्च्या यायच्या. आज मराठी रंगभूमीवर मोठी वाटणारी कितीतरी नावं याच स्पर्धेच्या चाळणीतून आलेली आहेत. लहान गावातल्या नटाला मुंबईच्या जाणकारांसमोर उभं राहायला दुसरा रस्ता नव्हता.

या स्पर्धेत तोरडमलांनी मो. ग. रांगणेकरांचं 'एक होता म्हातारा' केलं. रांगणेकर म्हणजे 'कुलवधू'चे नाटककार, नाट्यनिकेतनचे संस्थापक. नाटक जुनंच होतं, लोकांचं पाहिलेलं होतं. पण नगरच्या या प्राध्यापकाचं काम बघून मंडळी चकित झाली. नाटकाचं नाव झालं आणि त्यांचंही झालं. आता व्यावसायिक रंगभूमीवर या, असं स्नेही सांगू लागले.

इथे मला थोडं थांबायचं आहे.

असं सांगणारे स्नेही प्रत्येक हौशी नटाला भेटतात. गणेशोत्सवात आपल्याच मंडपात एखाद्याचं काम रंगलं की दुसऱ्या दिवशी पार्किंगमध्ये त्याला हेच ऐकवतो आपण. ऐकणारा सुखावतो आणि स्कूटर काढून ऑफिसला जातो. तेच शहाणपणाचं असतं, हेही खरं. कारण त्या काळातल्या नाटकवाल्याचा हिशेब अगदी साधा होता. नटाला पैसे मिळायचे ते नाइटवर. प्रयोग झाला तर पैसे, नाही झाला तर नाही. पावसाळ्यात प्रयोग कमी. घसा बसला, ताप आला, तरी रजा नावाची गोष्ट नाही. नाटक पडलं की पुढचं उभं राहीपर्यंत घरीच बसायचं. प्रॉव्हिडंट फंड नाही, निवृत्तिवेतन नाही. दौरा लागला की रात्रभर नाटकाच्या गाडीत पाठ मोडून घ्यायची, सकाळी कुठल्यातरी लॉजवर आंघोळ, रात्री तोंडाला रंग. दुसरीकडे प्राध्यापकाला ठरलेले तास, दिवाळीची आणि उन्हाळ्याची सुट्टी, दरवर्षी वाढणारा पगार. शिवाय व्यावसायिक नाटकं मुंबईत व्हायची आणि नोकरी नगरला. आज आपण सकाळी निघून संध्याकाळी मुंबईहून परत येतो. तेव्हा नगरहून रेल्वेनं जायचं तर दौंड किंवा मनमाडला गाडी बदलायची आणि एसटीनं जायचं तर अख्खा दिवस घालवायचा. तास घेऊन रात्रीच्या प्रयोगाला दादर गाठणं शक्यच नव्हतं. दोन्ही सांभाळण्याची सोय नव्हती, एक काहीतरी सोडणं भाग होतं.

आणि तोरडमल काही देखणे नायक नव्हते. ही गोष्ट महत्त्वाची आहे. डॉ. काशिनाथ घाणेकरांसारखा दातांचा डॉक्टर नट होतो तेव्हा त्याच्या प्रवेशाला शिट्ट्या पडतात, त्याच्या नावावर हाउसफुल्ल लागतं. तोरडमलांच्या वाट्याला येणारी कामं चरित्र नटाची. बाप, वकील, डॉक्टर, पुढारी, प्राध्यापक, बेरकी म्हातारा. अशा नटाला टाळ्या मिळतात, पण जाहिरातीत नाव सहसा खाली असतं. म्हणजे त्यांनी नोकरी सोडली ती तारा होण्यासाठी नाही. दुसऱ्यांची आयुष्यं खरी वाटतील अशी करून दाखवायची, एवढ्याच कामासाठी.

तरी सोडली.

वेळ मात्र बरी साधली. १९६० नंतर मराठी व्यावसायिक रंगभूमीला पुन्हा भरती येत होती. प्रभाकर पणशीकरांची नाट्यसंपदा १९६३ ची. दादरचं शिवाजी मंदिर १९६५ ला उघडलं, पुण्याचं बालगंधर्व रंगमंदिर १९६८ ला. मुंबईत दूरदर्शन यायला १९७२ उजाडायचं होतं, तोवर मध्यमवर्गीय माणसाची करमणूक म्हणजे नाटक. डॉ. श्रीराम लागूंनी कान-नाक-घशाची डॉक्टरी सोडून पूर्णवेळ नट व्हायचं ठरवलं तेही १९६९ चं. शिकलेल्या, स्थिरावलेल्या माणसांना नाटकावर पोट भरेल असं वाटू लागलं होतं, तो हा काळ. खरं तर शिक्षकी पेशातून नाटकात येण्याची आपल्याकडे जुनीच रीत आहे. अण्णासाहेब किर्लोस्कर आणि गोविंद बल्लाळ देवल हे दोघेही बेळगावला मास्तरकी केलेले.

'ज्योतीने तेजाची आरती' हे त्यांच्या सुरुवातीच्या व्यावसायिक नाटकांपैकी. मग नाट्यसंपदा, गोवा हिंदू असोसिएशन, मोहन वाघांची चंद्रलेखा अशा नामवंत संस्थांच्या नाटकांतून ते दिसू लागले. 'अखेरचा सवाल', 'चांदणे शिंपीत जा', 'झुंज', 'गुड बाय डॉक्टर', 'गगनभेदी', 'गाठ आहे माझ्याशी'... यादी लांब आहे आणि यादी वाचून नट कळत नाही, म्हणून इथेच थांबवतो. त्यांचं वैशिष्ट्य सांगायचं तर आवाज आणि उच्चार. शेवटच्या बाकावरच्या विद्यार्थ्यापर्यंत न ओरडता पोचायची सवय असलेला माणूस शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकापर्यंतही पोचतो. वाक्य कुठे तोडायचं, कुठल्या शब्दाआधी क्षणभर थांबायचं, वर्ग हसायला लागला की त्याला किती हसू द्यायचं आणि कधी ताब्यात घ्यायचं, हे वर्षानुवर्षं तास घेतलेल्या माणसाला वेगळं शिकवावं लागत नाही. मी स्वतः आयुष्यभर शाळेत शिकवलं, म्हणून हे थोड्या अधिकारानं लिहितो आहे.

दुसऱ्यांच्या नाटकांवर ते अवलंबून राहिले नाहीत. रसिकरंजन ही स्वतःची नाट्यसंस्था काढली आणि स्वतः नाटकं लिहिली. 'काळं बेट लाल बत्ती', 'सैनिक नावाचा माणूस', 'भोवरा' ही त्यांची. लेखक, दिग्दर्शक, नट आणि निर्माता अशी चारही कामं एकाच माणसाकडे. म्हणजे नोकरी सोडली आणि फोन वाजायची वाट बघत बसले, असं झालं नाही.

आणि मग 'तरुण तुर्क म्हातारे अर्क'.

कॉलेज, तिथली वात्रट पोरं आणि त्या पोरांना पुरून उरणारे किंवा त्यांच्याकडून पुरते नामोहरम होणारे प्राध्यापक, असा मामला. पोरं म्हणजे तरुण तुर्क आणि मास्तर मंडळी म्हणजे म्हातारे अर्क. तोरडमलांनी स्वतःकडे घेतली ती प्रा. बारटक्के यांची भूमिका. या बारटक्के सरांना बोलता बोलता नेमका शब्द आठवत नाही. मग त्या शब्दाच्या जागी ते 'ह' घालतात. ह, हा, हि, ही, हु, हू अशी सगळी बाराखडी. क्रियापद अडलं की ह, नाम अडलं की ह. वाक्य सरळच असतं, पण गाळलेली जागा प्रेक्षक आपापल्या मनातला शब्द घालून भरतो, आणि प्रेक्षकांच्या मनात काय असतं ते तुम्हीच ओळखा. लेखकानं एकही वावगा शब्द लिहिलेला नाही, तरी थिएटर खदखदतं आहे. इंग्रजीच्या प्राध्यापकाला गाळलेल्या जागा भरा या प्रश्नाची ताकद बरोबर कळलेली होती.

नाटकावर चावट म्हणून टीका झाली. काही घरांत मुलींना ते बघायला मनाई होती. माझं मत विचाराल तर नाटक चावट आहेच, त्यात लपवण्यासारखं काही नाही. पण त्यातला बारटक्के नुसता चावट असता तर दोन सीझनमध्ये विसरला गेला असता. शब्द न सापडणारा मास्तर हा खरा माणूस आहे. वर्गात उभं राहिल्यावर ऐन वेळी शब्द दगा देतो आणि समोरची साठ पोरं बघत असतात, ही अवस्था शिकवणाऱ्या प्रत्येकानं भोगलेली आहे. तोरडमल त्याची टिंगल करतात, पण त्याला क्षुद्र करत नाहीत. प्राध्यापकाची खुर्ची आतून पाहिलेल्या माणसालाच हे जमतं. नगरच्या कॉलेजातली ती वर्षं नसती तर हे नाटक झालं नसतं, असं मला ठामपणे वाटतं.

या नाटकाचे प्रयोग ५००० च्या वर झाले असं सांगतात. आकडा ऐकून पुढे जाऊ नका, हिशेब करून बघा. रोज एक, एकही दिवस न चुकवता, असे ५००० प्रयोग करायचे तर साडेतेरा वर्षांहून जास्त लागतात. शहरातल्या थिएटरांत तर ते झालंच, पण जत्रांमध्ये, साखर कारखान्यांच्या मैदानांवर, तालुक्याच्या गावी कनाती बांधूनही झालं. आपला जिल्हा सहकाराचा. प्रवरानगरपासून सुरू झालेल्या कारखान्यांमुळे गावाकडे पैसा आला आणि नाटकंही कंत्राटावर गावाकडे येऊ लागली. कारखान्यावर नाटक असलं की आसपासच्या वाड्यावस्त्यांवरून ट्रॅक्टर भरून माणसं यायची. ज्यांनी कॉलेजचं दारही पाहिलं नव्हतं तेसुद्धा बारटक्के सरांना हसले.

यातली गंमत बघा. ज्या माणसानं प्राध्यापकी सोडली, त्याला सगळ्यात मोठं यश प्राध्यापक होऊनच मिळालं. आणि नावामागचं 'प्रा.' गेलं नाही ते नाहीच. नोकरीचा राजीनामा देऊन किती वर्षं लोटली तरी वर्तमानपत्रं आणि प्रेक्षक त्यांना प्रा. मधुकर तोरडमलच म्हणत राहिले. नाटकवाल्यांत मात्र ते 'मामा' होते.

चित्रपटांबद्दल थोडक्यात. जब्बार पटेलांच्या 'सिंहासन'मध्ये ते होते. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरचा, विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिलेला हा १९७९ चा चित्रपट. लागू, निळू फुले, अरुण सरनाईक, सतीश दुभाषी अशी एकाहून एक माणसं त्यात आहेत, आणि अशा गर्दीत चरित्र नटाचा कस लागतो. 'बाळा गाऊ कशी अंगाई', 'शाब्बास सूनबाई', 'आत्मविश्वास' हे आणखी काही. टीव्हीवर हे चित्रपट अजून अधूनमधून लागतात, तेव्हा मुलांना बोलावून दाखवा. पण पडद्यावर दिसले ते तोरडमल अर्धेच, असं मी म्हणेन. त्यांची खरी जागा रंगमंच. प्रेक्षक समोर असल्याशिवाय या जातीचा नट पुरता फुलत नाही.

उतारवयात प्रयोग कमी झाले तेव्हा त्यांनी काय केलं, हा भाग मला फार आवडतो. ते पुन्हा इंग्रजीकडे गेले. अगाथा ख्रिस्तीच्या रहस्यकथा त्यांनी मराठीत आणल्या. आयुष्यभर संवाद बोललेल्या माणसाचा अनुवाद असल्यामुळे तो वाचताना कुठे अडखळायला होत नाही. आठवणीही लिहिल्या. एका पुस्तकाचं नाव 'तिसरी घंटा'. नाटकाला जाणाऱ्यांना हे नाव लगेच कळेल. पहिली घंटा चहा पीत असलेल्यांसाठी, दुसरी पायऱ्या चढणाऱ्यांसाठी, तिसरी झाली की दिवे मावळतात आणि मग कुणी हलायचं नाही. दुसऱ्या पुस्तकाचं नाव 'उत्तरमामायण'. भवभूतीपासून सगळ्यांना एका शब्दात कोपरखळी.

नोकरी सोडल्याचा त्यांना पुढे पस्तावा झाला का, असा प्रश्न आमच्या कट्ट्यावर निघाला होता. एकानं म्हटलं, यशस्वी झाले म्हणून आपण त्यांचं कौतुक करतो. त्याच काळात नोकरी सोडून गेलेले आणि कुठेच न पोचलेले कितीतरी असतील, त्यांच्यावर कोण स्मरणिकेत लेख लिहितं? बोलणं खोटं नाही. पण तोरडमलांनी उंबरठा ओलांडला तेव्हा त्यांच्या गाठीला काय काय होतं ते मोजा. शाळेपासूनचा सराव. कारखान्यातली नोकरी करून पाहिलेली. पदवी आणि शिकवण्याचा अनुभव, म्हणजे वेळ आलीच तर परतायला वाट होती. राज्य स्पर्धेत परक्या परीक्षकांनी दिलेला कौल, नुसती घरच्यांची वाहवा नव्हे. आणि लिहिता हात. एवढं सगळं जमवायला त्यांना आयुष्याची तीस-पस्तीस वर्षं लागली. मंडपातल्या एका टाळीवर राजीनामा लिहिणाऱ्यानं त्यांचं उदाहरण देऊ नये. तसंच, एवढी तयारी केलेल्या मुलाला आई-बापांनी नुसत्या भीतीपोटी अडवायचं असेल तर त्यांनाही तोरडमल सोयीचे नाहीत.

२ जुलै २०१७ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. वयाची पंच्याऐंशी पूर्ण व्हायला तीन आठवडे राहिले होते. मुलगी तृप्ती तोरडमल हिनं पुढच्याच वर्षी 'सविता दामोदर परांजपे' या चित्रपटात काम केलं. त्यांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. नगरचा इतिहास सांगताना आपण किल्ला दाखवतो, चाँदबिबीचा महाल दाखवतो, पडद्यावरचा कृष्ण म्हणून इथे जन्मलेल्या शाहू मोडकांची आठवण काढतो. तोरडमल इथे जन्मलेले म्हणून नव्हे, इथे घडलेले म्हणून त्यांना या रांगेत जागा हवी. पुढच्या वेळी स्टेशन रोडनं कॉलेजवरून जाल तेव्हा गाडीत मागे बसलेल्या पोरांना एवढं तरी सांगा, की या इमारतीत बारटक्के सर शिकवत होते.

जाता जाता एक विनंती. आपल्या सोसायटीच्या वाचनालयात त्यांच्या अनुवादित रहस्यकथांची एक जीर्ण प्रत आहे, पण 'तिसरी घंटा' नाही. कुणाच्या घरी असेल तर कार्यालयात आणून द्यावी. वाचून झाल्यावर परत मिळेल, याची जबाबदारी माझी.